खिशात पास असताना

बारक्या पळाला तेव्हा पास त्याच्या खिशातच होता. खोटा नाही, जुना नाही, दुसऱ्या गाडीचाही नाही. त्याच सकाळी त्याच्या बहिणीने परवान्याच्या वाळूघाटावर रांगेत उभं राहून काढलेला, गाडीचा नंबर आणि शिक्का जागच्या जागी असलेला पास. नदीची वाळू नेणाऱ्या गाडीत हा कागद असला की ती वाळू कायद्याची, नसला की चोरीची, इतका सोपा हिशेब. आणि तो कागद छातीशी घेऊन या शहाण्याने, पुलाच्या वळणावर खनिज कार्यालयाची जीप दिसताच, चालू टिपरमधून उडी मारली आणि झाडीत धूम ठोकली.

टिपर बिचारा आपला आपण थोडा पुढे गेला, मातीच्या ढिगाला टेकला आणि बंद पडला. भरारी पथकाच्या साहेबांनी आत डोकावून पाहिलं. चालक नाही, कागद नाही, मागे ओली वाळू भरलेली. साहेबांना आणखी काय हवं होतं! जीपच्या बॉनेटवर वही ठेवून त्यांनी तिथल्या तिथे लिहून टाकलं, चोरीची वाळू, चालक फरार, गाडी जप्त.

बारक्या हा भावंडांत शेवटचा म्हणून बारक्या. एरवी दारात उभा राहिला तर खोलीतला उजेड अडवेल एवढा देह. त्या संध्याकाळी तो देह गुडघे सोलून, एका पायात चप्पल आणि एक पाय अनवाणी, असा ताईच्या दुकानात येऊन उभा राहिला. ताईचं विटा, खडी, वाळू विकायचं दुकान होतं. दुकान म्हणजे पुढे पत्र्याची खोली, मागे मोकळी जागा आणि या सगळ्याला चालतं ठेवणारा तो एक लहान टिपर.

"गाडी कुठाय?" ताईने विचारलं.

"पकडली."

"पकडली? आणि पास?"

बारक्याने खिशात हात घातला. घामाने ओला झालेला पास बाहेर काढला आणि आयुष्यात पहिल्यांदाच बघावा तसा त्याच्याकडे बघत राहिला. "हा काय."

"मग पळालास कशाला?"

"जीप दिसली."

"अरे मेल्या, पास होता ना तुझ्याकडे!"

"हो, पण ताई, जीप दिसली ना."

ताईने कपाळावर हात मारून घेतला. तिचा नवरा, बारक्याचे दाजी, गल्ल्यामागे बसून हे ऐकत होते. भांडणाचा वास आला की दाजी चष्मा पुसायला घेत. ते चष्मा पुसत म्हणाले, "उद्या जाऊन पास दाखव. सुटेल गाडी."

ताईलाही तसंच वाटलं होतं. दुसऱ्या दिवशी कार्यालय उघडायच्या आत ती पायरीवर हजर होती. साहेबांनी पासाला हातसुद्धा लावला नाही.

"हा काल का नाही दाखवला?"

"दाखवणारा पळाला, साहेब. चूक झाली त्याची. पण पास खरा आहे, घाटावर विचारून घ्या."

"पळाला म्हणजे चोर. खरा माणूस कशाला पळेल?" साहेबांनी खणातून एक छापील कागद काढून पुढे सरकवला. "इथे सही करा. विनापरवाना वाळू नेली, गुन्हा कबूल, दंड मान्य. सही झाली की फाटक उघडतो. नाही केली तर गाडी सरकारजमा आणि मग लिलाव. मर्जी तुमची."

ताईच्या मागे एक मिशीवाला टिपरमालक उभा होता. त्याला घाई होती. "अहो ताई, करून टाका ना. मी तर दर हंगामाला करतो. हा आपला टोलच समजायचा."

"तुम्ही चोरीची आणता म्हणून तुम्हाला तो टोल वाटतो," ताई म्हणाली. "मी नाही आणत."

मिशीवाल्याला राग आला नाही, उलट तो मनापासून हसला. साहेब मात्र हसले नाहीत. ताईने तो कागद उचलला, उलटा केला आणि जिथून आला होता तिथे परत सरकवला. तिचा आवाज चढला नव्हता, पण कान तापले होते. ज्या कामासाठी उन्हात उभं राहून ती रांग लावत आली, ज्या कामात तिने कधी आडवाट धरली नाही, त्याच कामात मी चोर आहे असं स्वतःच्या हाताने लिहून द्यायचं? आणि तेही दुसऱ्याने आधीच छापून ठेवलेल्या कागदावर?

"लिलाव कराच," ती म्हणाली. "बघते मी."

म्हणाली खरी, पण घरी येताना वाटभर ती हिशेब करत होती. गाडी गेली तर दुकान गेलं, हे तिच्याइतकं कुणाला कळत होतं? विटा काय डोक्यावरून पोचवायच्या? पण बोललेलं ती गिळणार नव्हती. काही दिवसांतच सरकारजमा केल्याचा हुकूम आला. ना कुणी बोलावलं, ना विचारलं. हुकूम हातात धरून ताई दाजींना आणि बारक्याला घेऊन वकीलबाईंकडे गेली.

वकीलबाईंचं कार्यालय शिंप्याच्या दुकानावर होतं. खालून शिवणयंत्राचा खडखडाट यायचा आणि त्यावर मात करायची म्हणून बाईंना मोठ्याने बोलायची सवय लागली होती. त्यांनी हुकूम वाचला, पास वाचला, पेन्सिलीने कान खाजवला.

"पास खरा आहे, हे आपलं बळ. मालकाचं म्हणणं ऐकून न घेता गाडी घेतली, हे त्यांचं कच्चं काम. लिलाव मी थांबवते. पण एक सांगा, हा पळाला का?"

ताई आणि दाजींनी बारक्याकडे पाहिलं. बारक्याने जमिनीकडे पाहिलं.

"कोर्टात पहिला प्रश्न हाच येणार," वकीलबाई म्हणाल्या. "आपलं सगळं खरं असलं तरी एवढ्यावर अडेल. पोट बिघडलं होतं म्हणून झाडीत गेला, असं सांगता येईल."

"हे झकास!" दाजींना ही कल्पना फार आवडली.

"माझ्या भावाचं पोट दगड पचवतं," ताई म्हणाली. "कोण विश्वास ठेवणार?"

लिलाव थांबला, पण गाडी जागची हलली नाही. कार्यालयामागे तारेच्या कुंपणाचं जप्तीचं आवार होतं. तिथे कितीतरी टिपर, ट्रॅक्टर आणि एक पोकलेन रांगेने सडत होते. एका ट्रॅक्टरच्या तर इंजिनातून झुडूप वर आलं होतं आणि त्यावर पाखरं बसत होती. ताई बाजारातून येताना मुद्दाम वाट वाकडी करून कुंपणाशी थांबायची. एके दिवशी गाडीवरची ताडपत्री गेलेली दिसली. दुसऱ्या खेपेला पुढची चाकं बसली होती. आजारी माणसाला बाहेरूनच बघून परत यावं लागतं, तसं तिला व्हायचं. नेहमीची गिऱ्हाइकं आता दुसऱ्या दुकानातून माल उचलू लागली. भाड्याची गाडी वेळेवर यायची नाही आणि ताई ज्याला त्याला फाडून खायला लागली.

बारक्याशी ती बोलतच नव्हती. ताट वाढायची आणि त्याच्यापुढे ढकलायची. बाहेर त्याचे आणखी हाल होते. बाकीचे चालक त्याला पाहिलं की जागेवर धावायची नक्कल करत. "ए धावपटू, शर्यत लावतोस का?" तो सगळं ऐकून घ्यायचा. एवढा मोठा माणूस, पण घरात भिंतीला चिकटून वावरू लागला.

एके दुपारी तो जेवायला आला नाही. दाजी चष्मा पुसत म्हणाले, "तो म्हणत होता, मीच मिटवतो म्हणून."

ताईने पायात चप्पल सरकवली आणि सुटली. कार्यालयात शिरली तेव्हा बारक्या साहेबांच्या टेबलावर वाकला होता. तोच छापील कागद, त्याच्या मोठ्या पंजात इवलंसं पेन. सहीच्या जागेवर नुसता एक ठिपका उमटला होता.

"ठेव ते," ताई दारातूनच म्हणाली.

"ताई, चोर मी ठरतो. तू नाही ठरत. मी लिहून देतो की वाळू मीच चोरली, तुला माहीत नव्हतं. साहेब म्हणतात गाडी सुटेल."

"समजूतदार आहे भाऊ तुमचा," साहेब म्हणाले.

ताईने त्याच्या हातातून पेन काढून घेतलं. तिला त्याला बडवावंसं वाटत होतं आणि जवळ घ्यावंसंही वाटत होतं. दोन्हीतलं काहीच जमेना, म्हणून ती साहेबांवर घसरली. "आधी मला चोर करत होतात. ते जमलं नाही तर आता याला. उद्या याच्या दाजींना बोलवाल. साहेब, आमच्या घरात तुम्हाला हवा तसा चोर मिळायचा नाही. दुसरं घर बघा." मग भावाकडे वळून, "चल घरी. जेवण गार झालंय." किती तरी दिवसांनी ती त्याच्याशी बोलली ती अशी.

तारखेच्या सकाळी निघताना तिने त्याला फक्त एवढंच सांगितलं, "तिथे काय बोलायचं ते तू ठरव. पोटाचं सांगायचं तर पोटाचं सांग. पण नंतर मला रोज तुझ्या तोंडाकडे बघायचंय, एवढं लक्षात ठेव."

न्यायालयाची खोली लहान होती. बाकांच्या कडा लोकांच्या हातांनी गुळगुळीत झालेल्या. सरकारी वकील अंगाने भरलेले आणि आवाजानेही. ते उठले आणि बाणासारखे नेमक्या मुद्द्यावर गेले. "साहेब, पास नंतर आणला. तो खरा धरला तरी एकच विचारतो. निर्दोष माणूस पळतो का?"

न्यायाधीशांनी चष्मा कपाळावर चढवला. "चालक आलाय?"

बारक्या उठला. त्याने समोरचा बाक असा धरला की त्यावर बसलेले दोघे हलले. वकीलबाईंनी त्याला दिसेल अशा बेताने स्वतःच्या पोटावर हात ठेवला. ताई समोरच्या भिंतीकडे बघत राहिली.

"पळालात तुम्ही?"

"पळालो, साहेब."

"का?"

"सवय आहे," तो म्हणाला.

खोलीत हशा पिकला. पथकाचे साहेबही हसले. न्यायाधीश हसले नाहीत. "म्हणजे? नीट सांगा."

"साहेब, मी हे काम शिकलो ना, तेव्हा उस्तादांनी मला गिअर नंतर शिकवला. आधी उतरायला शिकवलं. चालत्या गाडीतून. आमच्याकडे चालकाच्या दाराची कडी काढूनच टाकतात. दार सुतळीने बांधतात, एका हिसक्यात सुटलं पाहिजे म्हणून. पट्ट्याची चप्पल घालू देत नाहीत, पाय अडकतो. जीप दिसली की पाय आधी निघतो, डोकं मागून येतं. त्या दिवशी पास होता, हे मला झाडीत बसल्यावर आठवलं."

"मग परत का नाही आलात?"

"परत?" बारक्याला हा प्रश्नच कळला नाही. "साहेब, थांबलेल्यांचं काय होतं ते आम्ही बघितलंय. पास दाखवला की म्हणतात शिक्का पुसट आहे. शिक्का ठळक असला की वेळ टळलीय. वेळेत असलं की वाळू जास्त भरलीय. तोवर कानाखाली बसलेली असते. थांबलो तरी गाडी जाते, पळालो तरी जाते. पळालं की निदान कान वाचतो." आता त्याचा आवाज मोकळा झाला होता. "मला लाज वाटते त्याची. ताईने उन्हात उभं राहून काढलेला पास आणि मी तो दाखवायलाही थांबलो नाही. भित्रा म्हणा मला. सगळे म्हणतातच. पण वाळू चोरीची नव्हती."

बारक्या खाली बसता बसता पुन्हा उठला. "आणि साहेब, माझं पोट बिघडलेलं नव्हतं."

वकीलबाईंनी कागदात तोंड लपवलं.

सरकारी वकील उसळून उभे राहिले. "साहेब, ऐकलंत? हा तर स्वतःच सांगतोय की नेहमी पळतो!"

"पळतो म्हणतोय," न्यायाधीश म्हणाले, "चोरतो म्हणत नाहीये. पळून जाणं हा या कायद्याखाली गुन्हा आहे का? कलम दाखवा."

सरकारी वकिलांनी पुस्तक उघडलं. पानं पुढे उलटली, मागे उलटली, शेजारच्याच्या कानाला लागले. कलम काही सापडेना.

"बरं, ते राहू द्या. मालकीणबाईंचं म्हणणं कधी ऐकलं?"

आता पथकाच्या साहेबांना उठावं लागलं. "त्या दुसऱ्या दिवशी आल्या होत्या, साहेब. आम्ही त्यांना सही करायची संधी दिली."

"कसली सही?"

"कबुलीची."

"म्हणजे ऐकून काहीच घेतलं नाहीत. कबूल करा एवढंच सांगितलंत." न्यायाधीशांनी चष्मा डोळ्यांवर आणला आणि लिहायला घेतलं. पथकाच्या साहेबांना एकाएकी स्वतःच्या बुटांत फार रस वाटू लागला.

निकाल लागला. सरकारजमा केल्याचा हुकूम रद्द. गाडी मालकिणीला, जप्त केली त्या वेळी होती त्याच स्थितीत, परत द्यायची.

जिन्यावर ताईला रडू फुटलं. इतके दिवस तिने एकट्या साहेबांवर दात धरले होते, पण भावाला मनातल्या मनात कितीदा भित्रा म्हणून झालं होतं, ते तिचं तिला ठाऊक. आज भरल्या खोलीत स्वतःला भित्रा म्हणवून घ्यायला जेवढी छाती लागली, तेवढी तिच्यात तरी होती का? तिने पदराने नाक पुसलं. "तुला नवी चप्पल घ्यायची आहे," ती म्हणाली. "पट्ट्याची." बारक्या लहान पोरासारखा हसला.

आवारात निकालाची नक्कल पोचली तेव्हा तिथे बरीच गर्दी होती. बातमी पसरायला काय वेळ लागतो! मिशीवालाही होता. या खेपेला त्याची गाडी एकाच हंगामात दुसऱ्यांदा पकडलेली आणि सहीवर सुटत नव्हती, त्यामुळे त्याचं हसू आटलं होतं. शिपायाने ताईपुढे पावती धरली. गाडी सुस्थितीत मिळाली, तक्रार नाही.

बारक्याने बॉनेट उघडून पाहिलं. बॅटरी नव्हती. डिझेलची टाकी ठणठणीत कोरडी. मागची वाळूसुद्धा गेली होती.

"वाळू कुठे गेली?" ताईने विचारलं.

"वाहून गेली असेल," शिपाई म्हणाला.

"कुणाच्या बांधकामावर?"

गर्दी खदखदली. साहेब बाहेर आले. "बाई, निकाल तुमच्या बाजूने लागला ना? मग सही करा, ओढून न्या आणि विषय संपवा."

"ओढून का नेऊ? ती इथे स्वतःच्या चाकांवर आली होती." ताईने निकालाचा कागद उघडून त्यांच्यासमोर धरला. "होती त्याच स्थितीत, असं लिहिलंय. मी गाडी घेत नाही. उद्या न्यायाधीशसाहेबांना जाऊन सांगते, गाडी दिली नाही म्हणून."

"पण गाडी तर समोर उभी आहे!"

"उभीच आहे. चालत नाही."

ती कार्यालयाच्या पायरीवर मांडी ठोकून बसली. ज्या गाडीसाठी एवढे दिवस जीव टांगणीला लागला होता, ती हातभर अंतरावर होती आणि ताई तिच्याकडे ढुंकूनही बघत नव्हती. दाजींनी एकदा "अगं, घेऊन टाक ना" म्हणून पाहिलं आणि चष्मा पुसायला घेतला. साहेबांनी आत जाऊन वरच्यांना फोन केला. बाहेर आले तेव्हा चेहरा उतरला होता. ते शिपायाच्या कानाशी काहीतरी पुटपुटले. शिपाई पाना घेऊन पथकाच्या जीपकडे गेला आणि तिचं बॉनेट उघडलं.

तेव्हा मात्र मिशीवाल्याने टाळीच वाजवली. मग सगळ्यांनीच वाजवली. जीपची बॅटरी निघाली, जीपचं डिझेल नळीने निघालं. चाकांत हवा भरायला पंप आला. बारक्याने बॅटरी बसवली, तारा आवळल्या आणि चावी फिरवली. टिपर खोकला, थरथरला, काळा धूर सोडला आणि चालू झाला. ताईचे डोळे पुन्हा भरून आले आणि या वेळी तिने ते कुणापासून लपवले नाहीत.

साहेब चाकासमोर येऊन उभे राहिले. "बॅटरी उद्या सकाळी परत आणून द्यायची," ते ओरडले.

"माझी सापडली की ही परत देतो," बारक्या वरून म्हणाला. "बाजूला व्हा साहेब, गाडी काढायचीय."

साहेब बाजूला झाले. टिपर फाटकातून बाहेर पडला आणि रस्त्याच्या कडेला थांबला. बारक्याने भोंगा वाजवला. "ताई, चल, बस!"

ताई पायरीवरून उठली नाही. मिशीवाला तिच्याजवळ आला होता. त्याच्यामागे आणखी चारपाच मालक, कुणाच्या हातात हुकूम, कुणाच्या हातात तो छापील कागद, अजून कोरा.

"ताई," मिशीवाला हळूच म्हणाला, "तुमची ती वकीलबाई माझ्यासारख्याची केस घेईल का हो? माझ्या सगळ्याच फेऱ्या काही चोरीच्या नव्हत्या."

"ज्या होत्या त्या आधी सांगाव्या लागतील," ताई म्हणाली. "खोटं चालत नाही तिथे. आमच्या बारक्याला विचारा." तिने सरकून त्याला पायरीवर जागा करून दिली. मग बारक्याकडे हात हलवला. "तू हो पुढे. विटा पोचवायच्यात."

साहेबांनी घड्याळात पाहिलं. "बाई, तुमचं काम झालं ना? मग उठा आता."

"माझं झालं," ताई म्हणाली. "यांचं राहिलंय."